गाणारा तारा ऐकायचा नसतो, मोजायचा असतो

कल्पित जगांच्या गोष्टींमध्ये गाणारा तारा हमखास भेटतो. तो उगवला की लोक उंचावर जमतात, आकाशातून सूर उतरतो आणि त्या सुराभोवती त्यांचे सण, देव, राजे, सगळं फिरत राहतं. कल्पना देखणी आहे, पण पहिल्याच पायरीला ठेचकाळते. प्रवास करण्यासाठी ध्वनीला पाणी, दगड, हवा असं काहीतरी लागतं. तारा आणि त्याच्याकडे बघणारी माणसं यांच्यामध्ये जवळपास निव्वळ पोकळी असते. तारा कितीही खच्चून गायला तरी त्याचा आवाज कुणाच्या कानावर पडायचा नाही.

म्हणजे अशी संस्कृती कल्पनेतही उभी राहू शकत नाही का? राहू शकते, आणि कानांनी ऐकू येणाऱ्या ताऱ्यापेक्षा कितीतरी खरीखुरी वाटेल अशी राहू शकते. त्यासाठी ताऱ्यांचं संगीत प्रत्यक्षात कसं चालतं ते आधी बघू. माझा मुद्दा एवढाच आहे की तो तारा थोडासा बेताल असायला हवा. अचूक तालाचा तारा फक्त दिनदर्शिका देईल. जरासा हुकणारा तारा भांडणं, शाळा, गाणी आणि सत्ता देईल.

सुरुवात आपल्या सूर्यापासून. १९६० मध्ये रॉबर्ट लेटन यांनी सूर्याच्या पृष्ठभागाचं बारकाईनं निरीक्षण केलं, तेव्हा तिथले भाग साधारण पाच मिनिटांच्या अंतराने वर-खाली होताना दिसले. हे नेमकं काय आहे याचं उत्तर १९७० मध्ये रॉजर उल्रिच यांनी सुचवलं: सूर्याच्या पोटात अडकून पडलेल्या ध्वनिलहरी. सूर्याच्या बाहेरच्या थरात तापलेला वायू सतत उकळत असतो, त्या खळबळीतून आवाज निर्माण होतो आणि तो आतल्या आत परावर्तित होत राहतो. ठरावीक लांबीच्या लहरी टिकतात, बाकीच्या विरून जातात. सूर्य अक्षरशः निनादत असतो. हा निनाद चोवीस तास टिपता यावा म्हणून १९९५ पासून जगभर सहा ठिकाणांहून एक दुर्बीणजाळं चालवलं गेलं. त्यातलं एक ठिकाण आपल्या उदयपूरचं.

पण हा सूर फार खालचा आहे. पाच मिनिटांना एक कंप म्हणजे सेकंदाला सुमारे ०.००३ कंप. माणसाचा कान सेकंदाला वीस कंपांच्या खाली ऐकूच शकत नाही. सूर्याचा सूर आपल्या गळ्याच्या टप्प्यात आणायचा तर तो तब्बल सतरा सप्तकं वर उचलावा लागतो, तेव्हा कुठे चारशेच्या आसपास कंपसंख्या मिळते. शिवाय या कंपांमुळे सूर्याच्या तेजात पडणारा फरक दहा लाखांत काही भाग इतका किरकोळ असतो. नुसत्या डोळ्यांनी जगणाऱ्या कुठल्याही संस्कृतीला आपला सूर्य गातो हे कळायला मार्ग नाही. सूर्य बाद.

आपल्याला असा तारा हवा, ज्याचा कंप डोळ्यांना दिसेल. असे तारे आहेत. १७८४ मध्ये जॉन गुडरिक या तरुणाच्या लक्षात आलं की वृषपर्वा (सेफियस) तारकासमूहातला डेल्टा हा तारा नियमितपणे उजळतो आणि मंदावतो. एका फेऱ्याला त्याला पाच दिवस आणि पावणेनऊ तास लागतात. त्या ताऱ्यावरून या जातीला सेफिड हे नाव पडलं. गुडरिक लहानपणापासून बहिरे होते आणि वयाच्या एकविसाव्या वर्षी गेले. सेफिड ताऱ्यांच्या ठोक्यांमधून विश्वाची मोजपट्टी काढणाऱ्या हेन्रिएटा लेव्हिट यांचीही श्रवणशक्ती हळूहळू गेली होती. ताऱ्यांचा ताल ज्यांनी पकडला त्यांतल्या दोघांना ऐकू येत नव्हतं, हे मला या सगळ्या प्रकरणातलं सर्वांत बोलकं सत्य वाटतं.

सेफिड तारा का धडधडतो? साधारण वायू दाबला की तापतो, तापला की जास्त पारदर्शक होतो, आणि आतली उष्णता त्यातून निसटून जाते. सेफिडच्या बाहेरच्या भागात मात्र एक थर असा असतो, जिथे हेलियमचे अणू आपला दुसरा इलेक्ट्रॉन गमावण्याच्या बेतात असतात. तो थर दाबला गेला की ऊर्जा तापमान वाढवण्याऐवजी इलेक्ट्रॉन सोडवण्यात खर्च होते. थर पारदर्शक होण्याऐवजी अपारदर्शक होतो. आतून येणारी उष्णता कोंडते, दाब वाढतो, तारा फुगतो. फुगला की थर पातळ आणि थंड होतो, इलेक्ट्रॉन परत अणूंना चिकटतात, वाट मोकळी होते, कोंडलेली उष्णता बाहेर पडते आणि तारा पुन्हा आकसतो. आर्थर एडिंग्टन यांनी याला वाफेच्या इंजिनातल्या झडपेसारखं काम म्हटलं होतं. ही झडप मुख्यतः हेलियमची आहे हे १९५० च्या दशकात सर्गेई झेवाकिन यांनी दाखवून दिलं. या प्रकारात अख्खा तारा साधारण दहा टक्के लहान-मोठा होतो. तारा म्हणजे इथे स्वतःच वाद्य आहे, आणि फुंकणाराही तोच.

इथून गंमत सुरू होते. बासरीत जोराने फुंकलं की मूळ सुराच्या वरचा सूर निघतो. ताऱ्यातही तसा वरचा सूर असतो. मूळ सुरात अख्खा तारा एकदम फुगतो आणि एकदम आकसतो. वरच्या सुरात मधे एक कवच स्थिर राहतं, त्याच्या बाहेरचा भाग फुगत असताना आतला भाग आकसतो. काही सेफिड हे दोन्ही सूर एकाच वेळी धरतात. शर्मिष्ठा तारकासमूहातला 'टीयू' हा तारा त्यांतलाच: एक कंप सुमारे २.१४ दिवसांचा, दुसरा १.५२ दिवसांचा. दोन्हींचं गुणोत्तर ०.७१. एका टोकाला बंद असलेल्या सरळ नळीत हे गुणोत्तर एक-तृतीयांश आलं असतं. ताऱ्यात मात्र पृष्ठभागाकडून गाभ्याकडे जाताना घनता आणि ध्वनीचा वेग प्रचंड बदलतात, म्हणून आकडा असा विचित्र येतो.

आता आपला कल्पित तारा घडवू. त्याला रुणी म्हणू. रुणी ही दोन सुरांची सेफिड आहे, तिचा थोरला ठोका ५ दिवसांचा आणि धाकटा ३.५ दिवसांचा. गुणोत्तर ०.७०, म्हणजे निसर्गात सापडतं तसंच. ती तिथल्या लोकांचा सूर्य नाही. तेज दर पाच दिवसांनी दुपटीच्या आसपास वाढणाऱ्या सूर्याखाली कुठलीही संस्कृती सुखाने नांदेल असं मला वाटत नाही. ती रात्रीच्या आकाशातली ठळक तारका आहे. पाच दिवसांच्या सेफिडचं स्वतःचं तेज किती असतं ते ठाऊक असल्याने हेही सांगता येतं की ठळक दिसायला ती सुमारे दीडशे प्रकाशवर्षांवर असावी. त्यांचा दिवस सोयीसाठी आपल्याएवढाच धरू.

थोरला सात वेळा झाला की ३५ दिवस होतात. धाकटा दहा वेळा झाला तरी ३५ दिवसच. म्हणजे दर ३५ दिवसांनी दोन्ही ठोके एकत्र पडतात आणि रुणी एरवीपेक्षा झळाळून उठते. हा त्यांचा महिना. चंद्र असला काय, नसला काय.

आकाशातला असा मंद ताल माणसं डोक्यात कसा ठेवतील? मला वाटतं, ढोलावर. अर्ध्या दिवसाला एक मात्रा धरा. थोरला ढोल दर दहाव्या मात्रेला वाजतो, धाकटा दर सातव्या. सुरुवातीला दोघे एकत्र, मग ७० मात्रांनी पुन्हा एकत्र. ज्यांनी झपतालाच्या दहा आणि रूपकाच्या सात मात्रा मोजल्या आहेत त्यांनी एका हाताने एक आणि दुसऱ्या हाताने दुसरा धरून बघावा, डोकं भणभणतं. पण जरा टिकलात तर आतली रचना दिसू लागते. विसाव्या मात्रेला थोरला पडतो आणि लगेच एकविसाव्या मात्रेला धाकटा. पस्तिसाव्याला धाकटा बरोबर थोरल्याच्या दोन ठोक्यांच्या मधोमध येतो. पुढे एकोणपन्नासला आधी धाकटा आणि पन्नासला थोरला. पहिल्या भेटीत थोरला पुढे, दुसऱ्या भेटीत धाकटा पुढे, आणि सत्तराव्याला दोघे बरोबर. सेकंदाला एक मात्रा या लयीत अख्खा महिना सत्तर सेकंदांत वाजवून होतो.

आकाशात हेच असं दिसतं: महिन्यात तीन वेळा, साधारण पावणेबारा दिवसांच्या अंतराने, रुणीची चढउतार जोरकस होते. त्यातली एकच भेट नेमकी, उरलेल्या दोन अर्ध्या दिवसाने चुकलेल्या. मधल्या रात्रींत एक ठोका दुसऱ्याला खोडतो आणि तारका जवळजवळ स्थिर दिसते. या त्यांच्या मुक्या रात्री. आणखी एक गोष्ट गाण्यात उतरेलच: सेफिड झपाट्याने उजळतो आणि सावकाश मंदावतो. रुणीच्या लोकांची चाल धावत वर चढणारी आणि रेंगाळत खाली येणारी असेल. सावकाश चढून झपकन खाली येणारी चाल त्यांना उलटी, कदाचित अशुभही वाटेल.

खऱ्या सुरांचं काय? पाच दिवसांचा कंप सत्तावीस सप्तकं वर उचलला तर सेकंदाला सुमारे ३११ कंप होतात, आणि साडेतीन दिवसांचा सुमारे ४४४. खालच्या सुराला सा मानलं तर वरचा तीव्र मध्यमाच्या किंचित वर पडतो. आपल्या कानाला हे अंतर अस्वस्थ करणारं आहे. पण ही आकडेमोड करायला घड्याळ आणि कंपसंख्येची कल्पना लागते. दुर्बिणीआधीच्या संस्कृतीला ती सुचणार नाही, म्हणून 'ताऱ्याने त्यांना स्वर दिले' असं लिहिणाऱ्या कथांवर माझा विश्वास बसत नाही. तारा ताल देतो. स्वर माणसं आपापल्या गळ्यातून आणतात.

आता मुख्य गोष्ट. निसर्गातलं गुणोत्तर नेमकं ०.७० असण्याचं काही कारण नाही. समजा धाकटा ठोका ३.५ ऐवजी ३.५१५ दिवसांचा आहे. एका ठोक्यात हा फरक वीसएक मिनिटांचा, कुणाच्या लक्षातही येणार नाही. पण दहा ठोक्यांत तो ०.१५ दिवस होतो. धाकटा दर महिन्याला एवढा मागे पडत जातो. तीन-साडेतीन महिन्यांनी तो अर्धा दिवस, म्हणजे एक पूर्ण मात्रा मागे असतो. तेव्हा पहिल्या मात्रेवरची भेट फुटलेली असते, आणि एकोणपन्नासवर पडणारा धाकटा सरकून पन्नासवर थोरल्याच्या अंगावर आलेला असतो. आकाशातली खरी भेट आता महिन्याच्या पंचविसाव्या दिवसाला होते. ढोल मात्र अजूनही पहिल्या दिवसाला एकत्र वाजतो आहे.

ढोलाचं ऐकायचं की आकाशाचं?

इथेच त्या समाजाचा इतिहास सुरू होतो, असं मला वाटतं. नुसत्या डोळ्यांनी उजळण्याचा नेमका क्षण अर्ध्या दिवसाच्या आत पकडणं अवघड आहे. ते करायचं तर रुणीची तुलना शेजारच्या न बदलणाऱ्या ताऱ्यांशी करावी लागते: या ताऱ्यापेक्षा उजळ, त्यापेक्षा मंद. गुडरिकनेही असंच केलं होतं. सरावलेल्या डोळ्याला दहाएक टक्क्यांचा फरक कळतो, नवख्याला नाही. म्हणजे शिकवणं आलं, शिकवणारे आले, आणि 'तुझा डोळा तयार नाही' असं सुनावण्याचा अधिकारही आला. भेट कधी झाली हे जो जाहीर करतो, सण कधी हेही तोच ठरवतो. सत्ता हातात येण्यासाठी एवढं पुरतं.

शिवाय रुणी ध्रुवाजवळ नसेल तर वर्षातले काही आठवडे ती सूर्याच्या उजेडात बुडालेली असेल. त्या काळात ढोल हीच एकमेव स्मृती. ढोलवादक रात्रंदिवस आळीपाळीने बसतील असं नाही. अर्ध्या दिवसाला एक मात्रा म्हणजे सकाळी एक टिपरू, संध्याकाळी एक. पण ते चुकता कामा नये. पहाटे रुणी पुन्हा दिसली की ढोल आणि तारका जुळतात का ते बघायला गर्दी होणार. ढगाळ किनारपट्टीवरचे लोक ढोलाचे पक्षपाती असतील, कारण त्यांना आकाश दिसतच नाही. कोरड्या पठारावरचे आकाशाचे. दोन्हीकडे ये-जा करणारा व्यापारी दोन्ही महिने तोंडपाठ ठेवेल, आणि शहाणा असेल तर करारात तारीख फक्त थोरल्या ठोक्याने लिहील, कारण त्याच्यावर कुणाचंच दुमत नाही. घेणी-देणी थोरल्यावर, लग्न-सण भेटीवर: ही वाटणी आपोआप पडेल. सुमारे ८२० दिवसांनी धाकटा बरोबर एक ठोका मागे पडतो आणि भेट फिरून पहिल्या जागी येते. तेव्हा ढोलवाले म्हणणार, बघा, आम्ही बरोबरच होतो.

हे मी हवेतून काढत नाही. प्राचीन इजिप्तमध्ये व्याधाचा पहाटेचा पहिला उदय नाईलच्या पुराच्या सुमारास होई, आणि त्याआधी व्याध सुमारे सत्तर दिवस दिसेनासा असे. त्यांचं कारभाराचं वर्ष मात्र नेमकं ३६५ दिवसांचं होतं, त्यामुळे व्याधाचा उदय दर चार वर्षांनी त्यात एक दिवस पुढे सरके. फिरून मूळ जागी यायला १४६० वर्षं. एवढं होऊनही त्यांनी शतकानुशतकं ते वर्ष तसंच वापरलं. हिशोबाला स्थिर मोजणी हवी असते. ती आकाशाशी जुळते की नाही हा प्रश्न नंतरचा.

तालाऐवजी बदलणाऱ्या तेजाभोवती गोष्ट विणली गेल्याचंही उदाहरण आहे. दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या कोकथा लोकांच्या परंपरेत मृग नक्षत्राचा पुरुष न्यीरुना कृत्तिकांच्या बहिणींच्या मागे लागतो. त्याच्या उजव्या हातात अग्नीची जादू भरते. तो हात म्हणजे आर्द्रा, आपल्याला बेटेलग्यूज म्हणून माहीत असलेला तारा. मोठी बहीण वाट अडवून त्याची फजिती करते आणि हातातली आग विझते, कालांतराने पुन्हा भरते. आर्द्रेचं तेज खरोखरच साधारण चारशे दिवसांच्या चढउताराने बदलतं, पण ओबडधोबडपणे, भरवसा न देता. २०१९ च्या अखेरीस तर ती इतकी मंदावली की जगभरच्या दुर्बिणी तिच्याकडे वळल्या; नंतर कळलं की मधे धूळ आली होती. असा तारा गोष्टीला पुरतो. त्यावर महिना बांधता येत नाही.

पल्सार, म्हणजे भराभर फिरत ठरावीक अंतराने रेडिओ स्पंद देणारे तारे, इथे बसत नाहीत का, असा प्रश्न काहींना पडेल. १९६७ मध्ये जोसेलिन बेल यांना सापडलेला पहिला पल्सार १.३३७ सेकंदांना एक स्पंद देतो, आणि काही पल्सार सेकंदाला सहाशेच्या वर फिरतात. त्यांचे स्पंद थेट स्पीकरला जोडले तर खरोखर सूर ऐकू येतो. पण ती फिरण्याची गती आहे, कंप नाही, आणि बहुतेक पल्सारांची ती रेडिओ दुर्बिणीशिवाय पकडता येत नाही. रेडिओ दुर्बीण असलेल्या संस्कृतीला ताऱ्याभोवती धर्म उभारण्याची गरज उरलेली नसते, असं म्हणायचा मोह होतो, पण माणसांचं काही सांगता येत नाही.

रुणीच्या लोकांच्या हाती दुर्बीण आली तर काय होईल? १९१२ मध्ये लेव्हिट यांनी दाखवलं की सेफिडचा ठोका जितका लांब तितकं त्याचं मूळ तेज जास्त. ठोका मोजला की तेज कळतं, दिसणाऱ्या तेजाशी ताडून अंतर कळतं. दुसऱ्या दीर्घिकांची अंतरं प्रथम याच मार्गाने काढली गेली. रुणीच्या लोकांकडे ठोक्याची शेकडो वर्षांची नोंद ढोलात आयती पडून असेल. त्यांना फक्त बाकीचे सेफिड शोधावे लागतील, आणि त्यांच्यासाठी प्रत्येक नवा सेफिड म्हणजे वेगळ्या मात्रांचा नवा ताल. आपल्याकडच्या खगोलशास्त्रज्ञांनी जे तक्ते करून ओळखलं, ते कदाचित तिथे वाद्यवृंदाची मांडणी करताना कुणाच्या तरी लक्षात येईल.

एक धोका मात्र राहतो. सेफिडचा ताल कायमचा नसतो. ध्रुवतारा हा सुमारे चार दिवसांचा सेफिड आहे. विसाव्या शतकात त्याच्या तेजातली चढउतार इतकी कमी झाली की ती थांबणार असं वाटू लागलं होतं, आणि मग ती पुन्हा थोडी वाढली. त्याचा कालावधीही विसाव्या शतकात दरवर्षी काही सेकंदांनी लांबत होता. रुणीचा धाकटा ठोका असाच मंदावत गेला तर तीन पिढ्यांत भेटी दिसेनाशा होतील. ढोलवाले तरीही सातव्या मात्रेला टिपरू मारत राहतील, आकाशवाले त्यांना खोटारडे म्हणतील, सणांच्या तारखांवरून गावं फुटतील. थोरल्या ठोक्याच्या भरवशावर लिहिलेल्या कर्जरोख्यांची मुदत मात्र ठरल्या दिवशीच भरेल.